हमाल कोणाचा?

माझे आजोबा तालुक्याच्या गावी कोळशाच्या वखारीवर पोती उचलत. धान्याची पेठ तिथून हाकेच्या अंतरावर होती. पण त्या पेठेतले एकही पोते त्यांच्या पाठीवर कधी चढले नाही. धान्य बाटते, कोळसा बाटत नाही! पुढे महाविद्यालयात इतिहास शिकवू लागल्यावर माथाडी कायद्याचा इतिहास मी वाचला, तो आजोबांची पाठ डोळ्यांसमोर ठेवूनच. त्या इतिहासात दोन प्रश्न आहेत. एक न्यायालयात पुन्हा पुन्हा गेला. दुसऱ्याला न्यायालयाची पायरी चढणेच जमले नाही.

पहिला प्रश्न असा की, हमालाचा मालक कोण? मुंबईच्या किराणा बाजारात किंवा लोखंड बाजारात एकच हमाल सकाळी एका दुकानाचा माल उतरवी, दुपारी दुसऱ्याचा भरी. मजुरी ठरे नगावर किंवा वजनावर, आणि मिळे मुकादमाच्या नाहीतर टोळीच्या हातून. हमाल जायबंदी झाला, म्हातारा झाला, की दुकानदार म्हणे, 'हा माझा नोकर नाही.' कायद्यापुढे हे म्हणणे टिकेही. कारण कामगार कायदे आधी मालक-नोकराचे नाते सिद्ध करा म्हणत. शंभर दुकानांचे ओझे वाहणारा माणूस एकाही दुकानाचा नव्हता.

मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी माथाडींची संघटना बांधली, पुण्यात डॉ. बाबा आढावांनी हमाल पंचायत उभी केली. या चळवळींच्या रेट्यातून १९६९ साली महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांचा कायदा झाला. त्यातला विचार सरळ आहे : एक मालक सापडत नसेल, तर सगळ्या बाजारालाच मालक धरा. १९४८ च्या गोदी कामगार कायद्याने ही वाट आधी दाखवली होती. दुकानदाराने मंडळाकडे नाव नोंदवायचे, मजुरी आणि तिच्यावरील लेव्ही मंडळात भरायची. मंडळाने हमालाला पगार द्यायचा; भविष्य निर्वाह निधी, रजा, औषधोपचार यांची सोय लेव्हीतून करायची. मंडळावर मालकांचे आणि कामगारांचे प्रतिनिधी सारख्या संख्येने बसायचे.

मालकवर्ग अर्थातच न्यायालयात गेला. सी. जयराम कंपनीच्या खटल्यात १९७४ साली मुंबई उच्च न्यायालयाने कायदा घटनेला धरून असल्याचे ठरवले. तेव्हा वाद एका शब्दावर येऊन ठेपला : 'असंरक्षित'. अनुसूचीतल्या कामावर असलेला किंवा घेतला जाणारा अंगमेहनती कामगार तो असंरक्षित, अशी या कायद्याची व्याख्या. पण त्या शब्दाचाच आधार घेऊन मालक म्हणू लागले, 'हे तर आमचेच कामगार. त्यांना इतर कायद्यांचे छत्र आहे. मग ते असंरक्षित कसे?' इथे वाचकाने क्षणभर थांबावे. काल 'माझा नोकर नाही' म्हणून ज्याला झिडकारले, तोच आज 'माझा नोकर' म्हणून पोटाशी धरला गेला. दोन्ही वेळा हेतू एकच, पैसे वाचवण्याचा. पुढे उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने हा युक्तिवाद मोडून काढला. कायद्याच्या अनुसूचीतले काम करणारा अंगमेहनती कामगार असंरक्षितच, मग त्याला दुसरा कायदा लागू असो वा नसो, असा त्याचा अर्थ.

हा श्रमिकांचा मोठा विजय आहे, आणि तो आपण मनापासून मानला पाहिजे. पण दुसरा प्रश्न उरतोच. हमालाला टोळीत घेणार कोण? टोळी बांधली जाते गावाच्या, भावकीच्या, पाहुण्यारावळ्यांच्या ओळखीवर. मुंबईचा माथाडी बहुतांशी सातारा, सांगली, पुण्याकडचा, हे काही आपोआप घडलेले नाही. ज्याची भावकी गावकुसाबाहेर, त्याची ओळखही गावकुसाबाहेरच राहते.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हे दुखणे फार आधी ओळखले होते. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला रेल्वेच्या दलित कामगारांच्या परिषदेत त्यांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही असे कामगारांचे दोन शत्रू सांगितले. त्याच भाषणात त्यांनी दाखवून दिले की, अस्पृश्याला स्टेशनवर हमालाची जागासुद्धा क्वचितच मिळते. कारण हमालाला स्टेशनमास्तरच्या घरची कामेही करावी लागतात, आणि त्या घराचा उंबरठा अस्पृश्याला बंद असतो. म्हणजे ओझे वाहण्यासाठी केवळ मजबूत पाठ पुरत नव्हती, जातही लागत होती.

माथाडी कायदा मालकाला जाब विचारतो, टोळीला विचारत नाही. मंडळात मालक आणि कामगार समोरासमोर बसतात. पण टोळीच्या दाराबाहेर ताटकळणारा त्या टेबलाच्या कोणत्या बाजूला बसणार? बाबा आढावांनी हमालांची संघटना बांधली आणि 'एक गाव, एक पाणवठा' ही मोहीमही चालवली. ओझ्याचा प्रश्न आणि पाण्याचा प्रश्न वेगळे नाहीत, हेच त्यातून दिसते. तेव्हा संघटनांनी टोळीतली रिकामी जागा बाजारात उघडपणे जाहीर करावी, आणि नोंद मंडळाने स्वतः करावी. त्यासाठी न्यायालयात जाण्याची गरज नाही.

माझ्या आजोबांचे नाव कोणत्याच नोंदवहीत नव्हते. दुकानदार म्हणे, 'हा माझा नाही.' पण टोळीनेही 'हा आमचा' असे कधी म्हटले नाही.