वेड्याचं कडवं

मंडळी, नवरात्र संपून बरेच दिवस झाले, पण एक गोष्ट डोक्यातून जात नाहीये. म्हणून लिहून टाकते.

आमच्या इंदिरानगरात सोसायटीच्या पार्किंगमध्ये दरवर्षी भोंडला होतो. गाड्या एका बाजूला घ्यायच्या, मधे पाट, पाटावर हस्त नक्षत्राचा हत्ती, आणि भोवती फेर. गाणी पाठ असणाऱ्या आता आम्ही मोजून तीन बायका. बाकीच्या मोबाईलवर बघून म्हणतात. असो. तर शेवटी शेवटी वेड्याचं गाणं आलं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. वेड्याची बायको करंज्या करते, वेड्याला त्या होड्या वाटतात, तो त्या पाण्यात सोडून देतो. ती लाडू करते, तो चेंडू समजून खेळत बसतो. असा एकेक पदार्थ वाया जातो आणि दर कडव्याला हशा वाढत जातो. शेवटी बायको झोपलेली असते. वेड्याला वाटतं मेली. तो तिला जाळून टाकतो. संपलं गाणं!

या कडव्यापाशी शेजारची एक तरुण आई हळूच म्हणाली, "काकू, हे नको ना. मुलीनं अर्थ विचारला तर मी काय सांगू?" आम्ही ते कडवं गाळलं आणि खिरापत ओळखायला बसलो.

मला आधी रागच आला. पण घरी आल्यावर वाटलं, तिचं काय चुकलं? असल्या गाण्यांचा अर्थ तरी काय सांगायचा? मग जरा मागे जाऊन बघावंसं वाटलं.

मराठीत उलटंसुलटं बोलण्याची परंपरा चांगली सातशे वर्षांची आहे, आणि तिचं एक टोक आमच्या जवळच आहे. इथून त्र्यंबकेश्वर तासाभरावर. तिथल्या ब्रह्मगिरीवर निवृत्तिनाथांना गहिनीनाथ भेटले अशी परंपरा सांगते. नाथपंथीयांना उलटं बोलायची सवयच होती. गोरखनाथांच्या नावावरच्या पदांत ती दिसते, पुढे कबीराच्या उलटबाँसीत दिसते. निवृत्तिनाथांकडून ही भाषा त्यांच्या धाकट्या बहिणीपर्यंत आली असणार. मुक्ताबाईच्या एका प्रसिद्ध अभंगात मुंगी आकाशात उडते आणि सूर्याला गिळते, वांझेला मुलगा होतो, माशीच्या पोटी घार जन्मते. ज्ञानदेवांच्या नावावर एक भारूड आहे, त्यात काट्याच्या टोकावर गावं वसतात, आणि गावांपासून पुढे जे जे मोजायला जावं ते ते नसलेलंच निघतं. सोळाव्या शतकात एकनाथांनी तर भारुडांचा खजिनाच उघडला.

या सगळ्यावर आपल्याकडे अर्थ सांगणाऱ्यांची कमतरता कधीच नव्हती. मुंगी म्हणजे जीव, सूर्य म्हणजे ज्ञान, तीन गावं म्हणजे तीन गुण. मी कीर्तनात हे ऐकत मोठी झाले आणि ते खोटं आहे असं मुळीच म्हणत नाही. पण मुक्ताबाईच्या त्या अभंगाच्या शेवटी एक गंमत आहे. हे सगळं बघून मुक्ताई हसते. मुंगीचा अर्थ मी ऐकला, घारीचा ऐकला. त्या हसण्याचा अर्थ मात्र कुणी सांगितलेला मला आठवत नाही.

आणि हसतंय कोण? जिच्या आईवडिलांना ब्रह्मवृंदाने देहान्त प्रायश्चित्त सांगितलं, जी भावंडांबरोबर वाळीत वाढली, ती मुलगी. परंपरेने धरलेल्या सालांप्रमाणे (जन्म १२७९, समाधी १२९७) ती गेली तेव्हा विशीच्याही आत होती.

बाहेर बघितलं तरी हेच दिसतं. एडवर्ड लिअर हा इंग्रजी असंबद्ध कवितेचा मोठा माणूस. १८७३ ते १८७५ तो हिंदुस्थानात चित्रं काढत हिंडत होता. १८७४ साली मुंबईच्या टाइम्स ऑफ इंडियात त्याची एक कविता छापून आली. तिच्यात आपले इथले शब्द त्याने मुद्दाम भलत्याच अर्थाने वापरले. बाई धोब्यावर बसते, आणि शेवटी कमरबंद नावाचं जनावर तिला गिळून टाकतं! या लिअरला लहानपणापासून फेफरं यायचं आणि ते त्याने जन्मभर लपवलं. बंगालीत सुकुमार राय. काळाआजाराने अंथरुणावर असताना ते 'आबोल ताबोल' तयार करत होते. १९२३ साली पुस्तक निघालं, पण ते बघायला ते उरले नव्हते. आपल्याकडे विंदा करंदीकरांनी १९६३ मध्ये 'एटू लोकांचा देश' लिहून मुलांसाठी सगळंच उलटं करून दाखवलं.

पण या सगळ्यांना नाव आहे, पुस्तक आहे, अर्थ सांगणारे आहेत. भोंडल्याच्या गाण्यांना कवी नाही. इकडे भोंडला, कोल्हापूरकडे हडगा, खानदेशात आणि विदर्भात भुलाबाई, पण गाणी रचली कुणी ते कुणालाच ठाऊक नाही. संध्याकाळची तेवढी घटकाभर सवड काढून फेर धरणाऱ्या बायकामुलींची ती गाणी. त्यांना अर्थ विचारायलाही कुणी गेलं नाही.

आता जे लिहिणार आहे ते घरातल्या काहींना आवडणार नाही. तरी लिहिते.

माझी आजी वेड्याचं गाणं सगळ्यात मोठ्यानं म्हणायची. शेवटचं कडवं आलं की तिचा आवाज आणखी चढायचा, आणि मग इतकी हसायची की पदराने डोळे पुसावे लागायचे. आम्ही पोरी तिच्याकडे बघून हसायचो. तिची धाकटी बहीण लग्नानंतर दोन वर्षांत स्टोव्हचा भडका उडून गेली होती. माझ्या जन्माच्या आधीची गोष्ट. आमच्या घरात 'स्टोव्हचा भडका' याच्यापुढे कधी कुणी एक शब्द बोललं नाही. आजीसुद्धा नाही.

हे मला कळलं तेव्हा मी कॉलेजात होते. पुढच्या भोंडल्याला आजीनं पुन्हा ते कडवं म्हटलं तेव्हा मला गाता येईना. रात्री मी तिला विचारलं, "आजी, या गाण्याचा अर्थ काय गं?"

ती अंथरूण घालत होती. म्हणाली, "अर्थ लावला असता तर म्हणता आलं असतं का?" आणि दिवा मालवला.

मला वाटतं असंबद्ध बोलण्याची ओढ यातून येते. जे सरळ सांगायची सोय नाही, ते करंज्या आणि होड्यांच्या रांगेत शेवटी उभं करता येतं. ऐकणाऱ्याला वाटतं गंमत चालली आहे. गंमत असतेच. पण फेरातल्या एखादीला ठाऊक असतं की यातलं एक कडवं खरं आहे, आणि तिला ते सगळ्यांदेखत मोठ्यानं म्हणता येतं.

त्या तरुण आईला मी हे अजून सांगितलेलं नाही. जॉगिंग ट्रॅकवर रोज भेटते, हसते, पुढे जाते. एवढं मात्र ठरवलंय की पुढच्या वर्षी ते कडवं गाळायचं नाही. तिच्या मुलीनं अर्थ विचारलाच तर तिला माझ्याकडे पाठव म्हणावं.

आत्या, मावशी, वाचत असाल तर एक करा. तुमच्याकडे हे गाणं कसं म्हणत होते ते कळवा. आणि मावशीआजीचा एखादा फोटो कुणाकडे असेल तर तोही.