मोहिनी कोणाची?

नेवाशाला मोहिनीराजाचं देऊळ आहे. अमृत वाटताना असुरांना भुलवण्यासाठी विष्णूने बाईचं रूप घेतलं, ते हे दैवत. मला गंमत वाटते ती नावाची. मोहिनी, आणि पुढे 'राज'! म्हणजे आपल्या पुराणातली सगळ्यात मोठी भुलवणारी बाई मुळात पुरुषच.

लावणीचंही काहीसं तसंच झालं. पेशवाईच्या उत्तरार्धात रामजोशी, होनाजी बाळा, अनंत फंदी यांनी शृंगारिक लावण्या रचल्या. त्यातली बाई रुसते, खुणावते, सजणाला बोल लावते. पण शब्द पुरुषांचे. तमाशाच्या फडात तर तिची अदाही नाच्या पोऱ्या करायचा, लुगडं नेसून. पुढे पठ्ठे बापूरावांच्या (१८६६-१९४५) फडात पवळाबाई आल्या. तमाशाच्या बोर्डावरची पहिली स्त्री म्हणून त्यांचंच नाव घेतलं जातं. थोडक्यात, भुलवणारी बाई आधी रचली गेली, खरी बाई तिथे नंतर पोचली. आणि आल्याबरोबर तिला ते तयार लुगडं नेसावं लागलं.

१९७२ साली व्ही. शांतारामांचा 'पिंजरा' आला. त्याचं मूळ 'द ब्लू एंजल' (१९३०) या जर्मन चित्रपटात. तिथली लोला प्रोफेसरला धुळीला मिळवते आणि आपली गात राहते. आपली चंद्रकला मात्र मास्तरांवर जीव लावते. मास्तरांचा आदर्श गावात टिकावा म्हणून ते स्वतःच्याच खुनाच्या आरोपात फाशी पत्करतात. आदर्श वाचतो, आणि आपण म्हणतो, बाईपायी मास्तर बुडाले. पण भांडणाची सुरुवात आठवून बघा. मास्तर तिचा फड गावातून हाकलतात, तिथून. म्हणजे मुळात तो तिच्या पोटाचा प्रश्न होता. हे कुणाच्या लक्षातच राहत नाही.

विठाबाई नारायणगावकरांचा जन्म १९३५ चा, पंढरपूरचा. दिवस भरलेले असताना त्या बोर्डावर नाचत होत्या. कळा आल्या तशा मागे गेल्या, बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा बोर्डावर आल्या, ही हकीकत आजही सांगितली जाते. नावलौकिक भरपूर मिळाला, तरी शेवटचे दिवस हलाखीत गेले. २००२ साली त्या वारल्या. राज्य सरकारचा त्यांच्या नावाचा जीवनगौरव पुरस्कार त्यानंतरचा.

भुलवणं हे त्यांचं काम होतं, स्वभाव नव्हे. एवढा फरक आपण केला असता, तरी पुष्कळ होतं.