पडद्यावरची कथा, भिंतीवरचे चित्र

१/ वर्ध्याजवळ, धाम नदीच्या काठी वसलेल्या पवनारचे नाव हिंदी चित्रपटांच्या इतिहासात सहसा येत नाही. तरीही ‘बोल्ड’ म्हणून गाजलेल्या आणि तितक्याच निंदिल्या गेलेल्या चित्रपटांविषयी एक मूलभूत प्रश्न उभा केला तो पवनारच्या आचार्य विनोबा भावे यांनी. त्या प्रश्नाच्या दुसऱ्या टोकाला आहेत आज जवळजवळ विस्मृतीत गेलेले पटकथालेखक-दिग्दर्शक बी. आर. इशारा.

२/ विनोबा १९३८ मध्ये पवनारला आले आणि १९५१ पासून भूदानासाठी देशभर पायी फिरले. ही यात्रा चालू असतानाच, १९५९ मध्ये, स्त्रियांच्या सामूहिक साधनेसाठी पवनारला ब्रह्मविद्या मंदिर स्थापन झाले. पुढच्या वर्षी चंबळच्या खोऱ्यातील काही दरोडेखोरांनी विनोबांपुढे शस्त्रे ठेवली. तेथून ते पावसाळ्यात इंदूरला पोहोचले.

३/ इंदूरच्या रस्त्यांवर लागलेली चित्रपटांची भडक पोस्टरे पाहून ते व्यथित झाले. ‘अशोभनीय पोस्टर’ हटवण्याची मोहीम तेथूनच सुरू झाली. अशी पोस्टरे म्हणजे वासनेचे फुकट आणि सक्तीचे शिक्षण होय, असा त्यांच्या आक्षेपाचा आशय होता. त्यातला ‘सक्ती’ हा शब्द कळीचा आहे. चित्रपटगृहात जाणारा तिकीट काढून, स्वेच्छेने जातो. शाळेच्या वाटेवरील मुलाला मात्र भिंत टाळता येत नाही.

४/ चित्रपटांविरुद्धची तक्रार तोवर जुनी झाली होती. १९५४ मध्ये दिल्लीतील सुमारे १३,००० स्त्रियांनी पंतप्रधान नेहरूंकडे सह्यांचे निवेदन दिले होते. त्याच वर्षी लीलावती मुनशी यांनी राज्यसभेत अनिष्ट चित्रपटांविरुद्ध ठराव मांडला. या साऱ्याचा रोख पडद्यावर होता. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार दिले जाणारे प्रमाणपत्रही चित्रपटाचेच असते, भिंतीवरील पोस्टरचे नव्हे. विनोबांनी नेमके या फटीवर बोट ठेवले.

५/ ही फट किती रुंद आहे, हे १९७० मध्ये दिसले. त्या वर्षी इशारा यांनी लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला ‘चेतना’ प्रदर्शित झाला. हिमाचलातून मुंबईत आलेले इशारा चित्रपटसृष्टीत अगदी तळाची कामे करीत लेखनापर्यंत पोहोचले होते. रेहाना सुलतान आणि अनिल धवन हे त्यांचे दोन्ही प्रमुख कलावंत पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले.

६/ कथा होती देहविक्रय करणाऱ्या स्त्रीची. एक तरुण तिच्यावर प्रेम करतो, तिच्याशी लग्न करतो. परंतु तिचा भूतकाळ तिला सोडत नाही. लेखकाची सहानुभूती निःसंशय तिच्या बाजूची आहे. पोस्टरवर मात्र स्त्रीच्या उघड्या पायांच्या चौकटीतून दिसणारा पुरुष होता. लोकांच्या स्मरणात राहिले ते हेच चित्र.

७/ त्याच वर्षी, २४ सप्टेंबरला, सर्वोच्च न्यायालयाने ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात निकाल दिला. मुंबईतील वेश्यावस्तीची दृश्ये असलेल्या त्यांच्या लघुपटावरून हा वाद उद्भवला होता. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकलेले सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांनी पूर्वपरीक्षण वैध ठरवले. मात्र लैंगिकता आणि अश्लीलता एकच नव्हेत, कलेचा हेतू पाहिला पाहिजे, असेही बजावले. हा विवेक पडद्यासाठी होता. भिंतीचा प्रश्न तसाच राहिला.

८/ किंमत चुकवली ती मुख्यतः अभिनेत्रीने. ‘दस्तक’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवूनही रेहाना सुलतान यांच्याकडे पुढे त्याच साच्यातील भूमिका येत राहिल्या. इशारा यांनी ‘जरूरत’, ‘चरित्र’ असे चित्रपट केले. त्यांच्या नावावरील ‘बोल्ड’चा शिक्का २०१२ मध्ये त्यांचे निधन होईपर्यंत पुसला गेला नाही.

९/ विनोबांनी १५ नोव्हेंबर १९८२ रोजी पवनारला देह ठेवला. जाहिराती आणि चित्रांमधून होणाऱ्या स्त्रियांच्या असभ्य चित्रणाला मनाई करणारा स्वतंत्र कायदा १९८६ मध्ये झाला, म्हणजे इंदूरच्या मोहिमेनंतर २६ वर्षांनी. संत आणि पटकथालेखक यांच्या वाटा सर्वस्वी भिन्न होत्या. तरीही एकाला स्त्रीची जी प्रतिष्ठा रस्त्यावर जपायची होती, तीच दुसऱ्याला कथेतून मागायची होती. आणि दोघांच्याही आड आली ती तिकीट खपवणारी भिंत.