वाट्याची किंमत

शहाड स्टेशनजवळचं घर आजोबांच्या कमाईचं. ते मृत्युपत्र न करता गेले. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने आत्याचा वाटा भावांइतकाच. पण तिने विषय काढला की घरातले म्हणायचे, "दावा लावलास तर कोर्ट फीतच वाटा संपेल." अकरा वर्षं ती गप्प बसली. शेवटी कायदा मीच उघडला. कोड वाचायची सवय कामी आली.

१८७० च्या कायद्यात, किंमत पैशात ठरवता येत नाही अशा दाव्याला १० रुपये ठराविक फी होती. एकत्र ताब्यातल्या मालमत्तेच्या वाटपालाही अनेकदा तीच लागे. मुंबई राज्याच्या १९५९ च्या कायद्याने फी वादीच्या वाट्याच्या किमतीवर बेतली. म्हणजे घर ८० लाखांचं आणि वारस चार असतील, तर मूल्यांकन २० लाखांचं.

मग १९९४. जूनमध्ये महाराष्ट्राने मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतः हक्क दिला, पण आधी लग्न झालेल्यांना वगळलं. १ ऑक्टोबरला मात्र मालमत्तेच्या वादात स्त्रियांना कोर्ट फीच माफ केली. तिथे लग्नाची अट नव्हती.

आत्याला हे वाचून दाखवलं. ती म्हणाली, "म्हणजे मी अकरा वर्षं शून्य रुपयांना घाबरले?"