दिनविशेष : कार्तिक शुद्ध पौर्णिमा
शके १४९५ (इ. स. १५७३) : संत एकनाथांनी भागवताच्या एकादश स्कंधावरील आपली मराठी टीका आजच्या तिथीला वाराणसीत पूर्ण केली. पैठणला सुरू झालेल्या या ‘एकनाथी भागवता’त ३१ अध्याय व सुमारे १८ हजार ८०० ओव्या आहेत. संस्कृतातला ग्रंथ प्राकृतात आणल्याबद्दल काशीच्या पंडितांनी आधी विरोध केला आणि पुढे ग्रंथाची मिरवणूक काढली, अशी आख्यायिका आहे.

याच स्कंधाला मराठी रूप देण्याचा मान मात्र अडीचशे वर्षे आधी परभणी जिल्ह्याने मिळवला होता. बोरीचे महानुभाव कवी भास्करभट्ट बोरीकर, अर्थात कवीश्वर, यांनी चौदाव्या शतकाच्या आरंभी ‘उद्धवगीता’ रचली. त्यांचे ‘शिशुपालवध’ शृंगाराकडे झुकल्याचे गुरुबंधूंनी म्हटले, म्हणून ते या निवृत्तिपर विषयाकडे वळले, असे परंपरा सांगते. पुढे महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत उतरवले. त्यामुळे पोथ्या मठांत सुरक्षित राहिल्या, पण इतरांना वाचता येईनात. विसाव्या शतकाच्या प्रारंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपी उलगडली आणि हे वाङ्मय अभ्यासकांपुढे येऊ लागले.