पोटातल्या नळीची गोष्ट

लकव्यानंतर आमच्या सासूबाईंना घास गिळता येईना. डॉक्टर म्हणाले, पोटात नळी बसवू. आम्ही जावा घाबरलो. पोटाला भोक पाडायचं?

ही भीती जुनी आहे. १८४९ साली फ्रान्समध्ये सेदियो नावाच्या सर्जननं पहिल्यांदा अशी वाट केली, पण रुग्ण दगावला. १८७५-७६ साली लंडन-पॅरिसला रुग्ण वाचू लागले. तरी पुढं शंभर वर्षं त्यासाठी पोट उघडावंच लागे. आपल्या अंबाजोगाईला सरकारी मेडिकल कॉलेज निघालं, तेव्हाही जगात हीच रीत होती. मग १९७९ साली अमेरिकेत क्लीव्हलँडला गॉडरर आणि पॉन्स्की या डॉक्टरांनी तोंडातून दुर्बीण घातली आणि बारीक छेदातून एका तान्ह्या बाळाला नळी बसवली.

हे आम्हाला महिनाभरानं समजलं. तोवर सासूबाई निम्म्या झाल्या होत्या. आता आम्ही पाळीनं भरवतो: आधी हात धुवायचे, त्यांना बसतं करायचं, गाळलेलं पातळ अन्न हळूहळू सोडायचं, वर पाणी. लगेच निजवायचं नाही.

नळी प्रत्येकालाच लागते असं नाही. पण डॉक्टरांनी सुचवली, तर घाबरून दिवस घालवू नका. बसून नीट विचारा.