विहिरीच्या तोंडाशी

मेक्सिको देशाच्या नकाशावर आग्नेयेच्या टोकाला, अंगठा वर करावा तसा उत्तरेकडे समुद्रात शिरलेला एक प्रदेश दिसतो. तो युकातान. तेथे चिचेन इत्सा नावाचे माया लोकांचे एक प्राचीन नगर आहे. काही वर्षांपूर्वी आम्ही सहा-सात मंडळी तिकडे गेलो असता, मेरिदा शहराहून निघून एका दिवसात हे नगर आणि त्याच्या जवळची एक भुयारी गुहा पाहून आलो. बरोबर एक वाटाड्या होता. वेरूळ एका दिवसात पाहून गेलेल्या परक्याने आपल्यावर व्याख्यान झोडले तर आपल्याला हसू येईल, हे आम्ही जाणून आहो. म्हणून आधीच सांगून टाकतो की, पुढे जे येईल त्यात त्या दिवशी डोळ्यांनी पाहिलेले थोडे आणि घरी परतल्यावर ग्रंथांतून धुंडाळलेले पुष्कळ आहे.

मेरिदाहून चिचेन इत्सा सुमारे १२० किलोमीटर. रस्ता सुतासारखा सरळ, दोहो बाजूंना खुरटे रान. तासभर मोटार धावल्यावर आमच्यातले एक शेतकरी घराण्यातले स्नेही एकाएकी म्हणाले, "अहो, अजून एकही पूल लागला नाही!" खरेच होते. नदी नाही, ओढा नाही, साधा नाला नाही. आणि पाऊस तर तेथे बऱ्यापैकी पडतो. मग पाणी जाते कोठे?

पाणी खाली जाते. उत्तर युकातानची सारी भूमी चुनखडीची. पावसाचे पाणी तिच्या भेगांतून झिरपून जाते, चुनखडी विरघळवीत पोटात पोकळ्या करते आणि अंधारातूनच समुद्राकडे वाहत राहते. कोठे अशा एखाद्या पोकळीचे छत कोसळले की आभाळाला उघडी पडलेली विहीर तयार होते. माया भाषेत तिला 'त्सोनोत' म्हणतात; स्पॅनिश लोकांनी त्याचे 'सेनोते' केले. आपल्याकडे काळ्या कातळात सुरुंग लावून विहीर खणावी लागते. तेथे ती निसर्गाने खणून ठेवलेली, पण कोठे खणावी हे मात्र त्याने कोणाला विचारलेले नाही. जेथे विहीर, तेथे गाव. नगराचे नावच पाहा: 'ची' म्हणजे तोंड, 'चेन' म्हणजे विहीर. चिचेन इत्सा म्हणजे इत्सा लोकांच्या विहिरीचे तोंड.

प्रवासी जातात ते मात्र विहिरीसाठी नव्हे, पिरॅमिडासाठी. त्याची छायाचित्रे आपण सर्वांनी पाहिली असतील. नऊ टप्प्यांचा, सुमारे १०० फूट उंच, चारही बाजूंना ९१ पायऱ्या. म्हणजे ३६४, आणि माथ्यावरच्या देवळाची एक मिळून ३६५. मार्च व सप्टेंबरात दिवस-रात्र समान होतात त्या सुमारास उत्तरेच्या जिन्याच्या कठड्यावर उन्हाचे त्रिकोण उमटतात आणि पायथ्याच्या नागाच्या दगडी मुखापाशी येऊन मिळतात. पिसे धारण करणारा कुकुल्कान नावाचा नागदेव खाली उतरत आहे असा भास होतो. बांधणाऱ्यांनी हे योजून केले की ते आपोआप साधले, यावर विद्वानांत वाद आहे. लोखंडाचे हत्यार नाही, ओझ्याचे जनावर नाही, गाडीला चाक नाही, आणि हे काम! आपल्याकडे राष्ट्रकूट आणि त्यांच्यामागून शिलाहार राज्य करीत होते, त्याच शतकांत हे नगर भरभराटीस आले होते. चेंडूच्या खेळाचे भव्य पटांगण, शुक्राचे वेध घेण्यासाठी बांधला असावा असा गोल मनोरा, हे सर्व आम्ही उन्हात घामाघूम होऊन पाहिले. पण मन त्यात फार वेळ रमले नाही. २०१५ साली संशोधकांनी जमिनीतून विजेचा प्रवाह सोडून पाहिला, तेव्हा पिरॅमिडाच्या खालीही अशीच एक पाण्याने भरलेली पोकळी असल्याचे दिसून आले. तेव्हा पिरॅमिडही अखेर विहिरीवरच बसला आहे म्हणावयाचा.

पिरॅमिडापासून उत्तरेकडे सुमारे ९०० फूट लांबीचा उंच केलेला जुना रस्ता आहे. तो संपतो तेथे झाडी एकाएकी दुभंगते आणि पायांपुढे सुमारे २०० फूट रुंदीचा गोल खड्डा येतो. कडे सरळ तुटलेले. सत्तर-एक फूट खाली हिरवे, निश्चल पाणी. नगरात पिण्याच्या पाण्याची विहीर वेगळी होती, ही देवाची. पर्जन्याचा देव चाक येथे राहतो अशी श्रद्धा.

काठावर उभे राहून आमच्या वाटाड्याने सफाईदार इंग्रजीत कथा सांगितली. दुष्काळ पडला म्हणजे गावातली सर्वांत सुंदर कुमारिका दागिन्यांनी मढवून या विहिरीत लोटून देत. कथा ऐकून मंडळी चुकचुकली. वाटाड्या स्वतः माया होता. परत फिरताना आम्ही त्याला हळूच विचारले, "हे खरे का?" तो म्हणाला, "लोकांना आवडते." या दोन शब्दांनी आम्हाला पुढे पुष्कळ वाचावयास लावले.

या कथेचे मूळ शोधीत गेले की प्रथम दिएगो दे लांदा हा फ्रान्सिस्कन पंथाचा पाद्री भेटतो. १५६२ च्या जुलैत मानी या गावी त्याने माया लोकांच्या हजारो मूर्ती फोडविल्या आणि त्यांच्या चित्रलिपीतले २७ ग्रंथ जाळले. (त्याआधी दोनच वर्षे, १५६० साली, पोर्तुगिजांनी गोव्यात इन्क्विझिशनचे न्यायासन मांडले होते, हे आपल्याला विसरता येत नाही.) आज जगात माया लोकांचे जुने ग्रंथ उरले आहेत ते अवघे चार. पण इतिहास मोठा चमत्कारिक आहे. याच लांदाने पुढे युकातानची माहिती लिहून ठेवली, आणि तीत माया अक्षरांची एक वेडीवाकडी यादी दिली. त्या यादीचा आधार घेऊनच १९५२ साली क्नोरोझोव या रशियन पंडिताने ती लिपी उलगडण्याची किल्ली शोधून काढली. ज्या हाताने जाळले त्याच हाताने किल्ली ठेवली! लांदाने या विहिरीबद्दल लिहिले ते इतकेच की, अवर्षणाच्या वेळी तेथे जिवंत माणसे टाकीत आणि मौल्यवान वस्तूही टाकीत. सुंदर कुमारिकांचा साजशृंगार त्यावर पुढच्यांनी चढविला.

या पुढच्यांत एडवर्ड थॉम्प्सन हा अमेरिकन प्रमुख. हा तेथे अमेरिकेचा वकील म्हणून नेमला गेला होता. १८९४ साली त्याने चिचेन इत्साची सगळी जहागीर, अवशेषांसकट, विकत घेतली. पुढे विसाव्या शतकाच्या आरंभी काठावर यारी उभारून त्याने विहिरीतला गाळ उपसला. सोने, जेड हे हिरवे रत्न, राळेचे धुपाचे गोळे, वस्त्रांचे तुकडे आणि माणसांची हाडे वर आली, आणि पुष्कळशी अमेरिकेत हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात गेली. मेक्सिकोने १९२६ मध्ये खटला भरला. १९४४ मध्ये तेथल्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल थॉम्प्सनच्या वारसांच्या बाजूने लागला, कारण त्या काळचा कायदाच तसा ढिला होता. वस्तूंपैकी काही पुढे परत आल्या. कथा मात्र कोणी परत घेतली नाही. वास्तविक थॉम्प्सनने काढलेल्या हाडांची तपासणी झाली तेव्हाच त्यांत पुरुष, स्त्रिया आणि मुले अशी सर्व आढळली होती.

आणि मग २०२४ साली, आम्ही सहल करून आल्यावर, एक शोधनिबंध प्रसिद्ध झाला. या विहिरीजवळच १९६७ मध्ये एक जमिनीखालचा जुना हौद सापडला होता आणि त्यात शंभरावर लहान मुलांच्या अस्थी होत्या. त्यांतील ६४ मुलांच्या अस्थींतील आनुवंशिक द्रव्य तपासले गेले. एकूण एक मुलगे निघाले. बहुतेक तीन ते सहा वर्षांचे. कित्येक एकमेकांचे नातलग. दोन जोड्या तर हुबेहूब जुळ्यांच्या. माया लोकांच्या 'पोपोल वुह' या पुराणात पाताळात उतरणाऱ्या जुळ्या भावांची कथा आहे, तिची येथे आठवण होते. अस्थी बहुतांशी इ. स. ८०० ते १००० या काळातल्या. आता दुसरी गोष्ट याच्या शेजारी ठेवा. युकातानातील चिचांकानाब सरोवराच्या तळचा गाळ तपासून संशोधकांनी १९९५ मध्ये दाखवून दिले होते की, हीच दोन शतके हजारो वर्षांतली अत्यंत कोरडी होती.

आपल्यापैकी ज्यांनी १९७२ चा दुष्काळ पाहिला आहे त्यांना कोरड्या विहिरीच्या तळाकडे पाहणारे डोळे काय असतात ते सांगावयास नको. त्या मुलांच्या बाबतीत जे घडले त्याचे समर्थन कोणी करू नये. आम्हीही करीत नाही. पण सुंदर कुमारिकेची कथा ऐकून चुकचुकणे निराळे, आणि एकाच घरातले दोन जुळे मुलगे त्या अंधारात का दिले गेले असतील याचा विचार करणे निराळे. पहिल्याने ते लोक राक्षस होतात. दुसऱ्याने ती आईबापे होतात.

दुपारी आम्ही जेवलो. मक्याची तव्यावरची पोळी, घेवडा आणि मिरची. मिरची मूळची त्याच खंडातली, पोर्तुगिजांनी आपल्याकडे आणलेली, म्हणून आम्हाला ते जेवण परके वाटले नाही.

मग गुहा. तिचे नाव बालांकान्चे. नगरापासून सहाएक किलोमीटर. गुहा म्हटल्यावर आपल्या डोळ्यांसमोर अजिंठा-वेरूळची लेणी येतात. पण ती माणसाने छिन्नीने कोरलेली. ही पाण्याने कोरलेली. आत शिरताच वाफेने भरलेल्या न्हाणीघरात शिरल्यासारखे होते. श्वास अपुरा पडतो, चष्म्यावर धुके बसते, आणि वाट कोठे कोठे इतकी अरुंद की देहाच्या स्थौल्याबद्दल पश्चात्ताप होतो. शेवटी वाट एका उंच दालनात उघडते. मध्यभागी छतापासून जमिनीपर्यंत चुन्याचा एक प्रचंड खांब आहे, बुंध्याने आणि फांद्यांनी एखाद्या सावरीच्या झाडासारखा. आपण जिला पांढरी सावर म्हणतो तीच सैबा. तिची मुळे पाताळात, बुंधा पृथ्वीवर आणि फांद्या स्वर्गात, अशी माया लोकांची समजूत. त्या खांबाभोवती धूपपात्रे मांडलेली, गोल चष्म्यासारख्या डोळ्यांच्या पर्जन्यदेवाचे तोंड असलेली. जवळच भातुकलीतल्यासारखे लहान लहान दगडी पाटे-वरवंटे. पलीकडे पाणी.

हे दालन १९५९ मध्ये सापडले, आणि ते सापडले एका वाटाड्याला, होसे उम्बेर्तो गोमेझ याला. गुहा पूर्वीच ठाऊक होती. पण एका ठिकाणी भिंत नैसर्गिक नसून दगड-चुन्याने लिंपलेली आहे, हे त्याच्या नजरेने हेरले. दगड काढल्यावर आत सुमारे हजार वर्षे कोणी न हलविलेली ही पूजा दिसली. अँड्रूज नावाचे पुराणवस्तुशास्त्रज्ञ कामाला लागले. तेव्हा शेजारच्या गावच्या माया भगताने येऊन सांगितले की, पर्जन्याच्या देवांचे घर विचारल्यावाचून उघडले गेले आहे. आत शिरलेल्यांवर कोप होऊ नये म्हणून विधी केला पाहिजे. अँड्रूज यांचा मोठेपणा हा की ते हसले नाहीत. आत, त्या गुदमरणाऱ्या उष्म्यात, वीस तासांहून अधिक वेळ तो विधी चालला. शास्त्रज्ञ त्यात बसले आणि प्रार्थना त्यांनी ध्वनिमुद्रित करून ठेवल्या. पुस्तकांतून आपण ज्यांना 'लुप्त झालेले माया' म्हणतो, ते असे गुहेच्या दाराशी येऊन उभे राहिले होते. २०२० च्या जनगणनेत मेक्सिकोत ही युकातानची माया भाषा बोलणारे सुमारे पावणेआठ लाख लोक नोंदले गेले आहेत. त्या ६४ मुलांचे आनुवंशिक नातेही संशोधकांना जवळच्या तिश्काकाल्तुयुब गावच्या आजच्या माया रहिवाशांशी जुळलेले आढळले.

संध्याकाळी परतताना मोटारीत आम्ही वाटाड्याला विचारले की, गावात पाऊस लांबला तर अजूनही काही करतात काय? त्याने सांगितले, करतात; त्याला 'चा-चाक' म्हणतात. रानात फांद्यांची कमान करून खाली चौरंगासारखी वेदी मांडतात, मक्याच्या भाकरी आणि मधाचे पेय ठेवतात, आणि वेदीच्या चार पायांशी लहान मुलगे बसवितात. त्यांनी बेडूक व्हावयाचे. भगत मंत्र म्हणत असतो आणि मुले डराव डराव करीत असतात, म्हणजे चाकाला वाटावे की पाऊस आलाच.

हे ऐकून आमचे शेतकरी स्नेही ताठ बसले. आपल्या लहानपणी मृग कोरडा गेला म्हणजे कडुनिंबाचा पाला अंगाला बांधून, बेडूक घेऊन, धोंडी म्हणून दारोदार फिरणारा मुलगा आपण स्वतःच होतो, बायाबापड्या डोक्यावर तांब्याने पाणी ओतीत, हे त्यांनी मोडक्यातोडक्या इंग्रजीत वाटाड्याला सांगितले. त्याला नीट कळले की नाही, शंका होती. तो क्षणभर त्यांच्याकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "मी डाव्या बाजूच्या पायाशी बसत असे," आणि त्याने बेडकाचा आवाज काढून दाखविला.